नवव्या अध्यायापर्यंतची वाट

या, असे जवळ या. चटई मोठी आहे, थोडं सरकून बसलं की सगळे मावतील. पाय हवे तेवढे पसरा, फक्त विहाराच्या दिशेनं करू नका. आज मी तुम्हाला एका चालण्याची गोष्ट सांगते. लांबची वाट नाही. आमच्या थोनबुरीच्या कालव्याकाठानं, लाकडी पुलापासून विहाराच्या मंडपापर्यंत, रमतगमत गेलं तर तासाभराची. पण फुआंग आजी त्या वाटेनं पन्नास वर्षांत एकदाही पायी गेल्या नव्हत्या. शेवटी गेल्या तेव्हा परगावच्या पाहुण्यांच्या रांगेत, बर्फवाल्याच्या हातगाडीत बसून गेल्या. त्या दिवसाची ही गोष्ट.

दर शनिवारी आमच्या काठानं पाहुण्यांना फिरवून आणायचं काम थित प्रुंगचं. भिक्खूची वस्त्रं उतरवून संसारात परतलेल्या माणसाच्या नावाआधी आम्ही थित लावतो. प्रुंग बरीच वर्षं आमच्याच विहारात भिक्खू होता. महाजातकाच्या कथेत जूजकाचा अध्याय गायचा तो त्याचाच. म्हाताऱ्या हावरट जूजकाची आणि त्याच्या तरण्या बायकोची भांडणं हा असा गायचा की बायका हसून हसून एकमेकींच्या अंगावर पडायच्या आणि वर बसलेले थोरले भंते हातातल्या पंख्यामागे तोंड लपवायचे. पुढे आई आजारी पडली आणि हा घरी आला. आई गेली, हा राहिला. आता डोक्यावर वेताची टोपी, गळ्यात शिट्टी, आणि मागे पाच-सात पाहुणे.

मी त्या रांगेच्या शेपटाला असते. कोणी मागे राहू नये, कोणाचा पाय फळीच्या फटीत जाऊ नये, एवढंच माझं काम. खरं सांगायचं तर मला त्याचं बोलणं ऐकायचं असतं. गाणाऱ्याचा गळा साध्या बोलण्यातही लपत नाही.

"मंडळी," तो पुलावरच सांगायचा, "आधीच माफी मागतो. तुम्ही चालत आलात म्हणून तुम्हाला आमच्या घरांची पाठ दिसणार. आमची तोंडं पाण्याकडे. ही सिमेंटची वाट मागाहून आली. आमच्या लहानपणी पाहुणा होडीतून यायचा आणि घराच्या तोंडाशी उतरायचा. मागच्या बाजूनं यायचा तो चोर, नाहीतर जावई."

पाहुणे हसायचे. मीही दर शनिवारी हसायचे.

आता तुम्हाला महाजातक ठाऊक असेलच, तरी दोन शब्दांत सांगते, कारण त्याशिवाय फुआंग आजींचं दुःख कळायचं नाही. वेस्संतर राजपुत्र मागेल त्याला मागेल ते देत सुटला, म्हणून राज्यातून हाकलला गेला. राणी मद्दी आणि दोन पोरं, जाली आणि कण्हा, त्याच्याबरोबर रानात गेली. तिथे जूजकानं पोरंच मागितली आणि राजपुत्रानं तीही दिली. मद्दी तेव्हा कंदमुळं आणायला गेलेली. परत येते तर पर्णकुटी रिकामी. ती रानभर हाका मारत फिरते, तो नववा अध्याय. असे एकूण तेरा. पावसाळ्याचा वर्षावास संपला की आमच्याकडे ही कथा गाऊन सांगतात, प्रत्येक अध्यायाला वेगळे भंते, वेगळा सूर. आणि तेराच्या तेरा अध्याय एका दिवसात ऐकणाऱ्याला पुढे मैत्रेय बुद्धांच्या काळात जन्म मिळतो, असं आम्ही मानतो. तेरा म्हणजे तेरा. एकही गाळून चालत नाही.

फुआंग आजींचे दर वर्षी बाराच व्हायचे.

त्यांचं घर पुलाच्या या टोकाला. विहाराचा कर्णा तिथपर्यंत ऐकू येतो. पहाटेपासून त्या हात जोडून खिडकीत बसायच्या. आठवा अध्याय संपून वाजंत्री थांबली की भाचीला म्हणायच्या, "जुरी, खिडकी लाव. टीव्ही मोठा कर." नववा संपल्याची वाजंत्री वाजली की खिडकी पुन्हा उघडायची. का, ते काठावरच्या प्रत्येकाला ठाऊक होतं, आणि कोणी ते तोंडातून काढत नव्हतं.

त्या वर्षी कथेच्या आदल्या दिवशी मी त्यांना केळीच्या पानातला नारळभात द्यायला गेले. पान हातात धरून त्या म्हणाल्या, "चेम, बारा अध्याय घेऊन मी काय करू गं? तिकडे वर विचारतील, एक कुठे सांडलास, तर काय सांगू?"

"आजी, उद्या खिडकी उघडी ठेवा की."

"खिडकी आहे म्हणूनच तर बंद करते. इथे मला जमायचं नाही. मंडपात न्या मला."

आता न्यायचं कसं? गुडघे गेलेले. होडी केव्हाच विकलेली. दुसऱ्याच्या होडीत बसवावं तर घाटाच्या पायऱ्या उतरणं त्यांच्यानं होईना, आणि भरतीच्या दिवसांत होडी लाकडी पुलाखालून जात नाही. उरली ती काठची वाट. दवाखान्यातून चाकाची खुर्ची आणते म्हटलं, तर उसळल्या. "त्या खुर्चीतून गेलेले परत आलेत का कधी? आण तू, आणि तूच बस."

दुसऱ्या दिवशी, शनिवारी दुपारी, प्रुंग पाहुण्यांना घेऊन त्यांच्या दारावरून निघाला तेव्हा त्यांनी आतूनच हाक मारली, "ए थित! किती जण आहेत आज?"

"पाच, आजी."

"सहा कर. मला पण फिरव."

प्रुंगनं टोपी काढली. माझ्याकडे बघितलं. मी मानेनं हो म्हटलं. तेवढ्यात जुरी पदराला हात पुशीत बाहेर आली. "काहीतरीच काय! मावशीचा रक्तदाब सकाळी किती होता माहीत आहे का? आणि पाणी चढतंय, चारनंतर वाट बुडते. कुठे अडकलात म्हणजे?"

"तुझा रक्तदाब जास्त आहे," आजी म्हणाल्या. "ओरडतेस केवढी."

"मावशी, नववा लागायची वेळ होत आलीय."

"म्हणूनच निघालेय."

जुरी आत गेली आणि उशी घेऊन आली.

प्रुंगनं पुलापलीकडून बर्फवाल्याची हातगाडी आणली, दोन चाकांची, अरुंद, आमच्या वाटेला बरोब्बर मावणारी. भुसा झटकला, वर गोणपाट, वर उशी. फुआंग आजी कथेला नेसायचं पांढरं नेसून बसल्या.

"थित, गाडी गार आहे रे."

"आजी, नाजूक माल आहे, वितळू नये म्हणून."

पाहुण्यांत नाखोन सावानचं एक नवं लग्न झालेलं जोडपं होतं, दोन मैत्रिणी होत्या, आणि पोस्टातून निवृत्त झालेल्या एक उंच बाई. सगळे हसले. रांग निघाली.

आता ऐका गंमत. प्रुंगचं नेहमीचं बोलणं सुरू झालं, आणि गाडीतून त्याला उत्तरं.

"मंडळी, हे दुहेरी दाराचं घर. इथे चिनी आजोबांचं दुकान होतं. त्यांची कॉफीची होडी पहाटे निघायची..."

"कॉफी नव्हे, चिंचोक्याचं पाणी," आजी म्हणाल्या. "कॉफी फक्त वरवरची. आम्ही सगळे ठाऊक असून प्यायचो. म्हातारा गोड बोलायचा ना."

"... आणि ही समोरची पडवी, इथे शेवयांची होडी लागायची. तिची घंटा ऐकली की पोरं..."

"पोरं कुठली, तुझा बाप. वाटीसकट पाण्यात पडला होता. वाटी वर आली, बाप नंतर."

"आजी, पाहुण्यांसमोर!"

"अरे, पाहुण्यांना खरं ते सांगावं. बाप छान पोहायचा, ते पण सांग."

नवी नवरी हसून हसून नवऱ्याच्या दंडाला धरून चालायला लागली. मी मागून बघत होते. आजी या काठाला, त्या काठाला मान वळवून बघत होत्या. त्यांचं तोंड असं उजळलेलं मी कितीतरी वर्षांत पाहिलं नव्हतं. जी घरं त्यांनी जन्मभर पाण्यावरून पाहिली त्यांच्या पाठी त्या आज पाहत होत्या. कोणाच्या मागच्या भिंतीला वाळत घातलेल्या परकराकडे बोट दाखवून म्हणाल्या, "बघा, पुढून केवढा तोरा, आणि मागे ठिगळं." मग हळूच म्हणाल्या, "आमचंही असंच होतं."

कर्ण्यातून आठवा अध्याय ऐकू येत होता, शेवटाकडे आलेला. पाणी वाटेच्या काठाला टेकलं होतं.

वाटेच्या मध्यावर जुना घाट लागतो. चार-पाच दगडी पायऱ्या, वर वाकलेलं एक झाड. तिथे आला की प्रुंग नेहमी भरभर बोलतो आणि पलीकडच्या काठाकडे हात करतो. त्या दिवशीही केला. "ती बघा मंडळी, ती बघा, घोरपड! पलीकडे, त्या नळाखाली! केवढी थोरली!"

सगळ्यांच्या माना तिकडे वळल्या.

"थित," आजी म्हणाल्या, "ती घोरपड दर शनिवारी तिथेच बसते का रे?"

प्रुंगनं वर केलेला हात खाली घेतला.

"गाडी थांबव."

"आजी, पाणी चढतंय. नववा लागेल आता."

"थांबव. मी पाहुणी आहे ना? मग मला दाखव. या घाटावर काय होतं ते सांग मला."

ज्याच्या जिभेवर जन्मभर शब्द नाचले त्या प्रुंगनं टोपी काढली आणि हातातल्या हातात फिरवत राहिला. पाहुण्यांना काही कळेना, पण कोणी फोटोही काढीना.

मग आजींनीच सांगितलं. पाहुण्यांकडे बघून नाही, पायऱ्यांकडे बघून. आवाज अगदी साधा, बाजारात काय मिळालं ते सांगावं तसा.

"माझी मुलगी होती. सहा वर्षांची. कथेचा दिवस होता. शेजारणीकडे निजवून मी मंडपात गेले. मद्दी राणीचा अध्याय लागला होता. कुटी रिकामी बघून ती पोरांना हाका मारते ना, ते चाललं होतं. मी रडत होते. राणीच्या पोरांसाठी रडत होते मी. इकडे माझी उठली, आई कुठे म्हणून या घाटावर आली. तेव्हा आमचं घर इथेच होतं, माझी होडी इथे लागायची. मी येईन म्हणून पायरीवर बसून राहिली असेल. मंडपात कोणीतरी ओरडत आलं. तो अध्याय अर्धाच राहिला माझा."

पाणी पायऱ्यांवर चढत होतं.

पोस्टातल्या बाई पुढे झाल्या. गाडीशी बसल्या आणि विचारलं, "नाव काय होतं हो तिचं?"

फुआंग आजींनी वरच्या झाडाकडे बघितलं. जुरी उशी सावरायच्या निमित्तानं गाडीला धरून उभी राहिली. भाची असूनही तिनं ते नाव मावशीच्या तोंडून कधी ऐकलं नव्हतं.

"लम्फू," आजी म्हणाल्या. "या झाडाचंच नाव. तेव्हा संध्याकाळी याच्यावर काजवे यायचे. ती मोजायची. वीसच्या पुढे येत नव्हतं तिला, मग परत एकपासून."

तेवढ्यात कर्ण्यातून आठव्या अध्यायाची वाजंत्री वाजली. आजी एकदम ताठ झाल्या. "चल. चल रे, आता थांबू नको."

प्रुंगनं गाडी अशी हाकली की टोपी मागे पडली. ती मी उचलली. पाहुणे पळत होते, नवऱ्या मुलानं एका बाजूनं दांडा धरला. वाट ओली झाली होती, चाकं पाणी उडवत होती. आणि आम्ही विहाराच्या अंगणात शिरलो तेव्हा भंत्यांनी नुकताच सूर धरला होता.

राचबुरीहून आलेले भंते. काय सांगू तुम्हाला त्या गळ्याविषयी! मी बऱ्याच जणांकडून मद्दीचा अध्याय ऐकला आहे, पण असा आवाज, की शब्द संपला तरी त्याची कड हवेत उरते, तो क्वचित. मंडप चारी बाजूंनी उघडा, खांबांना केळीचे खुंट आणि ऊस बांधून रान केलेलं, मध्ये उंच आसन. गाडीला पायऱ्या चढता येईनात, म्हणून आम्ही अंगणातच पायऱ्यांशी थांबलो. मी आजींचा हात धरला.

मद्दीच्या वाटेत रानात तीन श्वापदं आडवी झाली. ते देवच होते, तिला उशीर व्हावा म्हणून आलेले. आजी ऐकत होत्या. ती हात जोडून त्यांना विनवते, माझी पोरं भुकेली असतील, अर्धी फळं तुम्ही घ्या आणि मला जाऊ द्या. आजी ऐकत होत्या. मग ती पळत पळत कुटीपाशी येते. रोज धावत पुढे येणारी पोरं आज आली नाहीत. ती पहिली हाक मारते.

भंत्यांनी ती हाक मारली आणि माझ्या हातातला हात सुटला.

"न्या मला," आजी म्हणाल्या. "चेम, मला घरी न्या. मला बसवत नाही. थित, गाडी वळव."

पन्नास वर्षांपूर्वी जिथे उठल्या तिथेच आज पुन्हा उठत होत्या. पायांत बळ नव्हतं एवढाच फरक. जुरी म्हणाली, "मावशी, थोडंच राहिलंय," तर तिला त्यांनी हातानं लोटलं. प्रुंगनं दांडा धरला. गाडी वळवली. मला वाटलं, झालं. यंदाही बारा.

पण तो अंगणाच्या दाराकडे गेला नाही. मंडपाच्या कडेनं निघाला.

"आजी," तो खाली वाकून म्हणाला, "बसवत नाही ना? मग बसू नका. मद्दी तरी कुठे बसली होती? ती पण फिरतच होती. आपण चालू या."

आजींनी दोन्ही हातांनी गाडीची कड घट्ट धरली होती. चार पावलं गेली असतील, आणि त्या एकदम ओरडल्या, "अरे मेल्या, डावीकडून काय घेतोस! चितेभोवती फिरवतात तसं! उजवीकडून घे. मी जिवंत आहे अजून!"

गडबडीत एवढी वर्षं भिक्खू राहिलेल्या माणसानंही उलटी प्रदक्षिणा धरली होती! मंडपात दोन-तीन माना वळल्या, कोणीतरी फिसकन् हसलं. प्रुंग लाजून लाल झाला. त्यानं गाडी वळवली आणि मंडप उजव्या हाताला ठेवून निघाला.

पहिला फेरा. मद्दी कुटीभोवती हाका मारत फिरते आहे. मागे मी, जुरी, आणि आमच्यामागे ते पाच पाहुणे, एकामागे एक, चपला हातात घेऊन. त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. आवाज कधी जवळ येई, कधी केळीच्या खुंटांमागे जाई. दुसरा फेरा. मद्दी झाडांना विचारते, तळ्याला विचारते, रोज जिथे ती पोरं खेळायची त्या वाळूला विचारते. आजी रडत होत्या. तोंड झाकून नाही, उघड, लहान पोरासारख्या, आणि मध्येच त्या सुरात म्हणत होत्या, "लम्फू, लम्फू गं." कोणी त्यांना गप्प केलं नाही. मंडपातल्या म्हाताऱ्या बायका एकेक करून उठल्या, कडेला येऊन उभ्या राहिल्या आणि गाडी समोरून जाईल तेव्हा हात जोडू लागल्या. त्यांच्यातल्या कितीतरी जणी पन्नास वर्षांपूर्वीच्या त्या दिवशीही मंडपात होत्या.

तिसऱ्या फेऱ्याला मद्दी कोसळते. राजपुत्र तिचं डोकं मांडीवर घेतो, तोंडावर पाणी शिंपडतो. ती शुद्धीवर येते, आणि मग तो तिला खरं सांगतो. पोरं मेली नाहीत, मी दिली, तुझ्यापासून लपवलं कारण तुझं काळीज फाटलं असतं. हा भाग फुआंग आजींनी कधी ऐकलाच नव्हता. त्यांनी हात वर केला. प्रुंगनं गाडी थांबवली.

भंते हळू झाले. मद्दी उठून बसते. ती ओरडत नाही, दोष देत नाही. हात जोडते आणि म्हणते, जे गेलं ते मीही मनानं देते.

आजींनी हात जोडले. बराच वेळ कपाळाशी धरून ठेवले. मग, दानाला मनापासून होकार देताना आम्ही म्हणतो तसं, घोगऱ्या आवाजात म्हणाल्या, "साधु." आणि वाजंत्री सुरू झाली. ती करुण धून त्यांनी इतकी वर्षं बंद खिडकीआडून, अध्याय संपल्याची खूण म्हणून ऐकली होती.

वाट तोवर बुडाली होती. परतायचा प्रश्नच नव्हता. उरलेले चारही अध्याय त्यांनी गाडीत बसून ऐकले, मध्ये शेवया खाल्ल्या, दोनदा मागून. अकराव्यात जूजक खाऊन खाऊन मरतो तेव्हा प्रुंगला म्हणाल्या, "तू गायचास तेव्हा जास्त मजेत मरायचा रे तो." पाहुणेही सगळे थांबले. पोस्टातल्या बाई त्यांच्या शेजारी पायरीवर बसून होत्या, आणि दोघींचं काय बोलणं चाललं होतं ते मी ऐकायला गेले नाही.

त्यानंतरचे दोन पावसाळे आजी होत्या. आता प्रुंग घाटावर आला की टोपी काढतो आणि साध्या शब्दांत सांगतो. कोणी ना कोणी पाहुणा नाव विचारतोच.

तर ऐकणाऱ्यांनो, एक मागणं आहे. पुण्याचं काम केलं की वाटीतलं पाणी झाडाच्या मुळाशी ओतून आपण गेलेल्यांना वाटा देतो. तुम्ही तुमच्या माणसांची नावं घ्याल, ती आधी घ्या. त्यांच्यामागे, वाटीत थेंब उरला असेल तेव्हा, लम्फूचं नाव घ्या. आमच्या कालव्यावरची, सहा वर्षांची, आईची वाट बघत बसलेली. तिला आठवत राहा.